चौकशीची खोली

बँकेच्या नोकरीत मी कर्जे वाटली, वसुलीसाठी वाड्या-वस्त्या पालथ्या घातल्या, बदल्या भोगल्या. पण अजून झोप उडवते ती एकच आठवण. नव्वदच्या दशकाच्या अखेरीस आपल्या नगर जिल्ह्यातल्याच एका शाखेत मला चौकशी अधिकारी नेमले होते. आरोप होता एका शिपायावर. खातेदाराने भरायला दिलेले पैसे खात्यात पोहोचलेच नाहीत, अशी तक्रार. खातेदाराचे लेखी निवेदन फायलीत होते. खातेदार मात्र साक्षीला आला नाही. शिपाई हात जोडून म्हणाला, "साहेब, त्यांना एकदा माझ्यासमोर बोलवा ना."

वरून 'लवकर उरका' असा निरोप होता. मी निवेदनालाच पुरावा मानले, 'आरोप सिद्ध' असे लिहिले आणि संध्याकाळची एसटी पकडून घरी आलो. त्याची नोकरी गेली. तो कोर्टात गेला नाही. त्याने पैसे घेतले होते की नाही, हे मला आजही ठाऊक नाही.

'अन्याय झाला तर कोर्ट आहेच,' असे आपण सहज म्हणून जातो. कोर्ट आहे, पण उच्च न्यायालयात रिट अर्ज केला म्हणजे खटला पुन्हा पहिल्यापासून चालतो, हा गैरसमज. निर्णय बरोबर की चूक यापेक्षा तो कोणत्या रीतीने घेतला, हे न्यायालय बघते. 1995 साली सर्वोच्च न्यायालयाने हे स्पष्ट केले. शिक्षेतही हात घालायचा तो ती सदसद्विवेकाला धक्का देणारी असेल तरच. त्याआधी 1977 साली हरियाणातल्या एका बस कंडक्टरने, प्रवाशांचे जबाब घेतले नाहीत, अशी तक्रार केली होती. थोडा का होईना, विश्वासार्ह पुरावा आहे ना, मग पुरे, असे न्यायालय म्हणाले. 1 जून 1948 रोजी पुणे-नगर मार्गावर पहिली एसटी धावली, त्या आपल्या गावातल्या कंडक्टरांच्या घरांनी हे ध्यानात ठेवावे.

रीत मोडली तर मात्र न्यायालय गप्प बसत नाही. चौकशी अहवालाची प्रत कर्मचाऱ्याला द्यायलाच हवी, हे 1993 चे. चौकशी अधिकाऱ्याने निर्दोष ठरवले आणि वरिष्ठांना ते पटले नाही, तर त्यांनी आधी कर्मचाऱ्याचे म्हणणे ऐकावे, हे 1998 चे. हा दुसरा निकाल पंजाब नॅशनल बँकेच्या प्रकरणातला. त्यातला अधिकारी 1983 च्या अखेरीस निवृत्त झाला होता! न्याय मिळाला, पण नोकरीचे वय उलटून गेल्यावर.

याच बँकेच्या एका शिपायाचा निकाल 2008 च्या डिसेंबरात लागला. नुसते कागद हजर केले म्हणजे ते सिद्ध होत नाहीत, साक्षीदार तपासावा लागतो. संशय कितीही दाट असला तरी तो पुरावा नव्हे, असे त्यात म्हटले होते. निकाल वाचला आणि हातातला पेन खाली ठेवला. माझा शिपाई दहा वर्षांपूर्वी हेच सांगत होता.

कोणी म्हणेल, मग चोर मोकाट सोडायचे का? मुळीच नाही. बँकेतला पैसा लोकांचा असतो. बँकेचे नुकसान झाले नाही, तरी अधिकाराबाहेर जाऊन कर्ज देणे हे गैरवर्तनच, असेही 1996 साली न्यायालयाने सांगितले आहे. पण नीट केलेली चौकशी चोरालाही पळवाट देत नाही. साक्षीदार न बोलावता केलेली चौकशी कोर्टात टिकत नाही, आणि मग खरा चोरही मागच्या पगारासह परत येऊ शकतो.

नगरच्या माणसाला दाद मागायला औरंगाबाद खंडपीठ गाठावे लागते. वकिलाची फी, हेलपाटे, तारखा. अर्धा पगार घेऊन घरी बसलेल्या माणसाला ते झेपतेच असे नाही. चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवावी, असे 2015 साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटले खरे. पण ते पाळायचे कोणी? तर टेबलामागे बसलेल्या माझ्यासारख्याने.

म्हणून घरात कुणाला आरोपपत्र आले, तर कागदपत्रे लेखी मागा, साक्षीदार लेखी मागा, नकार मिळाला तर तोही लेखी घ्या. आणि कधी तुम्हीच त्या खोलीत चौकशी अधिकारी म्हणून बसलात, तर शेवटची एसटी चुकली तरी चालेल. समोरचा 'त्यांना बोलवा' म्हणाला, तर बोलवा.