राजीनाम्यानंतरचे भाग

नोकरीला रामराम ठोकून नव्यानं जगू पाहणाऱ्यांच्या मालिका सध्या खूप पाहिल्या जातात. त्यातली मला सर्वांत भावलेली म्हणजे २०१९ची जपानी ‘नागी नो ओइतोमा’. टोकियोतल्या ऑफिसात सगळ्यांची मर्जी राखता राखता २८ वर्षांच्या नागीचा श्वास कोंडतो, ती कोसळते आणि नोकरी, घर, फोन सोडून उपनगरातल्या जुनाट खोलीत राहायला जाते. राजीनाम्याचा विषय पहिल्याच भागात संपतो, बाकीची मालिका पुढच्या जगण्याची आहे. आपल्याकडे साहेबाच्या टेबलावर राजीनामा आपटण्याचाच प्रसंग ताणला जातो.

चंद्रपूर-गडचिरोलीत हा विषय जपून मांडावा लागतो. इथली पोरं पोलीस भरतीसाठी पहाटे धावतात. घरात एकाला नोकरी लागली की धानाच्या भरवशावरचं सगळं घर सावरतं. त्यांना ‘नोकरी सोडा आणि मोकळे व्हा’ असं सांगणं अन्यायाचं आहे.

तरीही सोडून येणाऱ्यांच्या खऱ्या गोष्टी याच मातीत घडल्या. बाबा आमट्यांनी वरोऱ्यातली वकिली सोडली. १९५१मध्ये सहा कुष्ठरुग्ण, पत्नी साधनाताई, दोन लहानगी मुलं, एक लंगडी गाय, एक कुत्रा आणि १४ रुपये एवढ्यावर खडकाळ रानात आनंदवन सुरू झालं. आधी पाणी हवं होतं, म्हणून विहीर खणायला घेतली. वकिली सोडण्याचा निर्णय एकदाच होतो. त्या रानात दोन पोरं सांभाळत रोजची चूल पेटवायची ती साधनाताईंनी. मालिकेची नायिका मला तिथे दिसते.

डॉ. अभय आणि राणी बंग अमेरिकेत शिकून परतले आणि १९८६मध्ये गडचिरोलीत आले. दवाखाना कसा हवा, हे त्यांनी आदिवासींनाच विचारलं. म्हणून शोधग्राम या त्यांच्या वसाहतीतल्या दवाखान्याला दंतेश्वरी देवीचं नाव मिळालं आणि झोपड्यांचं रूप आलं. न शिकलेल्या दाईलाही बाळाचा न्यूमोनिया ओळखता यावा म्हणून त्यांनी श्वास मोजायचं साधन केलं: एका मिनिटाचं वाळूचं घड्याळ आणि मण्यांच्या ओळी. दहा श्वास झाले की एक मणी सरकवायचा. लाल मण्यापर्यंत पोचलं तर धोका. पुढे ३९ गावांत घरोघरी नवजात बाळांची काळजी घेतली गेली आणि त्यांचे मृत्यू निम्म्याहून अधिक घटले. १९९९मध्ये हे निष्कर्ष ‘लॅन्सेट’ या वैद्यकीय नियतकालिकात छापून आले.

एक मणी सरकवणाऱ्या दाईवर अख्खा भाग होऊ शकतो. तो मुंबईच्या वाहिन्यांनी करायची वाट कशाला पाहायची? दिवाळीनंतर धान निघालं की आपल्या या झाडीपट्टी भागात रात्र रात्र नाटकं चालतात, गावंच्या गावं तिकीट काढून बसतात. वडसाच्या नाट्यमंडळांनी येत्या हंगामात हा विषय घ्यावा, आणि लेखकांनी सुरुवात साधनाताईंच्या ‘समिधा’ या आत्मचरित्राच्या वाचनापासून करावी.