कोसीबाईंना कोणी विचारले?

"व्हेरियर एल्विन आदिवासींमध्ये राहिले!" हे वाक्य आपले कार्यकर्तेही मोठ्या कौतुकाने उच्चारतात. राहिले, हे खरेच आहे. ऑक्सफर्डमध्ये शिकलेला हा इंग्रज पाद्री 1927 मध्ये पुण्याच्या ख्रिस्त सेवा संघात आला आणि 1932 मध्ये शामराव हिवाळे या मराठी सोबत्याबरोबर मंडला जिल्ह्यात गोंडांच्या गावी गेला. पुढे चर्चही सोडले. सरकारी जंगल कायद्याने बैगांची बेवर शेती कशी मोडली, हे 1939 मध्ये ग्रंथ लिहून मांडले. हे श्रेय कोणी नाकारू नये.

पण मित्रांनो, 1940 मध्ये याच एल्विननी आपल्याच शाळेत शिकणाऱ्या कोसी या गोंड मुलीशी लग्न केले. 1949 मध्ये घटस्फोट झाला. 1964 मध्ये आलेल्या त्यांच्या आत्मचरित्रात कोसीबाईंच्या वाट्याला जेमतेम दोन-चार ओळी आल्या. त्या पुस्तकाला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला! मुरियांच्या घोटुलातील तरुण पोरापोरींच्या खाजगी आयुष्यावर जाडजूड ग्रंथ लिहिणाऱ्या माणसाला स्वतःच्या संसारावर मात्र लिहावेसे वाटले नाही. कोसीबाई गावीच, हलाखीत राहिल्या आणि 2010 मध्ये वारल्या. आदिवासी उघडा पडला तर ते मानववंशशास्त्र, साहेब उघडा पडला तर ती खाजगी बाब. हा न्याय कुठला?

त्याच काळात एल्विन म्हणत होते, आदिवासींना राखीव प्रदेशात वेगळे ठेवा. मुंबईचे प्रा. घुर्ये म्हणत होते, हे तर मागासलेले हिंदू. वाद दोन विद्वानांचा, आणि आदिवासी नुसता विषय! डिसेंबर 1946 मध्ये जयपाल सिंग मुंडा संविधान सभेत स्वतः बोलायला उभे राहिले, तेव्हा या दोघांच्याही मध्यस्थीची गरज पडली नाही.

हे आज का लिहितो आहे? कारण आपली पोरे आता फेलोशिप घेऊन गडचिरोलीत, मेळघाटात जातात. सहा महिने राहतात, भात भरडणाऱ्या बाईचा फोटो टाकतात, खाली 'जय भीम, जय सेवा' लिहितात. आमच्या वस्तीवर सवर्ण लेखक कादंबरी लिहितो तेव्हा आपण त्याला जाब विचारतो, आणि विचारलाच पाहिजे. मग त्या बाईने तुम्हाला जाब विचारायचा कुठे? तुमचा अहवाल मराठीत किंवा इंग्रजीत, ती माडिया बोलते. छापण्याआधी तो ग्रामसभेत, तिच्या भाषेत वाचून दाखवा. ती "हे काढून टाका" म्हणाली, तर काढा.