राक्षस कुणाचा?

भयपटांचा विषय निघाला की आमच्या प्राध्यापक-मंडळींच्या चेहऱ्यावर एक सात्त्विक स्मित उमटते. करमणूक, पोरखेळ, पळवाट. निकाल तयारच असतो. एम.ए.च्या दोन वर्षांत आमच्या वर्गात नारायण धारपांचे नाव एकदाही निघाले नाही आणि त्यात कुणाला वावगेही वाटले नाही. मला हा निकाल नुसता चुकीचा नव्हे, सोयीचा वाटतो.

१९३१ चा 'फ्रँकेन्स्टाइन' आठवावा. बोरिस कार्लोफचा राक्षस तळ्याकाठी एका लहान मुलीबरोबर पाण्यात फुले सोडतो. फुले संपतात. तीही फुलासारखी तरंगेल, अशा भाबड्या समजुतीने तो तिला पाण्यात टाकतो. येथे दुष्टावा कोठे आहे? ज्याने त्याला घडवले, तो शास्त्रज्ञ तेव्हा स्वतःच्या लग्नाच्या गडबडीत आहे. इशिरो होंडांचा 'गॉडझिला' १९५४ चा. हिरोशिमाला जेमतेम नऊ वर्षे झालेली. तो अजस्र प्राणी समुद्रातून उठतो तो हायड्रोजन बॉम्बच्या चाचण्यांमुळे. त्याचा रबरी पोशाख आज हास्यास्पद दिसतो, तरी चित्रपट शिळा होत नाही; कारण भय नखादातांचे नसतेच. हे आपणच ओढवून घेतले आहे, ही जाणीव प्रेक्षकाला आतून कुरतडत असते.

आम्हा मलकापूरकडच्या माणसांना हे परके वाटायचे कारण नाही. मुंजा म्हणजे कोण? मुंज झाली, पण लग्नाआधीच गेलेला मुलगा. हडळ म्हणजे बाळंतपणात दगावलेली बाई. ती जिवंत असताना तिच्याकडे कुणी पाहिले होते, हा प्रश्न विचारण्यापेक्षा तिला घाबरणे सोपे! (उलट 'झपाटलेला'तील तात्या विंचूवर आपण मनमुराद हसलो. तो मुळातच गुंड; त्याचे आपण काही देणे लागत नव्हतो.)

राही अनिल बर्वे यांच्या 'तुंबाड'मध्ये (२०१८) तर हिशेब उघडच मांडला आहे. हस्तर भुकेला आहे. त्याला कणकेच्या बाहुलीत गुंतवून त्याच्या लंगोटातील मोहरा लांबवणारा माणूस आहे, आणि ही विद्या तो पोटच्या पोराला शिकवतो. २०२४ मध्ये हा चित्रपट पुन्हा लागला, तेव्हा पहिल्या वेळेपेक्षा जास्त चालला. शेवटी बाप मोहरांनी भरलेला लंगोट पुढे करतो आणि मुलगा तो नाकारतो. हा प्रसंग एकदा वर्गात दाखवावा. त्यानंतर ज्याला पोरखेळ म्हणायचे असेल त्याने खुशाल म्हणावे.