सामायिक फाइलींची राखण कोण करणार?

हिंगोली जिल्ह्यात औंढा नागनाथजवळ लायगो-इंडिया ही गुरुत्वीय लहरी टिपणारी वेधशाळा होणार आहे. केंद्राने 2023 मध्ये तिच्यासाठी सुमारे 2600 कोटी रुपये मंजूर केले. लायगोची आकडेमोड लिनक्स संगणकांवर चालते आणि शास्त्रज्ञ त्यांत दुरून लॉगिन करतात. पण लॉगिनवेळी ओळख पटवणारा प्रोग्राम एकटा नसतो, तो अनेक सामायिक लायब्ररी फाइली, म्हणजे अनेक प्रोग्राम मिळून वापरतात असा तयार कोड, सोबत घेऊन चालतो. मार्च 2024 मध्ये ‘एक्सझेड’ या फाइली लहान करणाऱ्या लायब्ररीत चोरवाट सापडली. काही लिनक्स वितरणांत ती सिस्टिमडी या सेवा सांभाळणाऱ्या प्रणालीमार्फत थेट एसएसएच या दुरून लॉगिन करण्याच्या प्रोग्रामच्या दारापर्यंत पोचत होती. लॉगिनला अर्धा सेकंद जास्त का लागतो, एवढ्या शंकेवरून आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्याने ती पकडली. नशीबच म्हणायचे!

मग प्रत्येक प्रोग्रामने लायब्ररीची स्वतःची वेगळी प्रत ठेवावी, असे कुणी म्हणेल. तसे केले तर एकच दोष ठिकठिकाणी दुरुस्त करत बसावे लागेल. मुक्त सॉफ्टवेअरच धोक्याचे, हेही पटत नाही. आतला कोड तपासता आला म्हणूनच माग लागला. उणीव आहे ती माणसांची. एक्सझेडचा भार मुख्यतः एका स्वयंसेवकावर होता आणि हल्लेखोराने दोनेक वर्षे मदतनीस बनून त्याचा विश्वास कमावला. कोट्यवधींच्या सरकारी प्रकल्पांनी अंदाजपत्रकातच या लायब्ररींच्या देखभालीसाठी पगारी माणसांची तरतूद करावी.