बोरीबंदरचे स्थानक कुणाचे?

सप्टेंबर २०२२ मध्ये केंद्रीय मंत्रिमंडळाने नवी दिल्ली, अहमदाबाद आणि मुंबईचे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस या तीन स्थानकांच्या पुनर्विकासासाठी सुमारे १० हजार कोटी रुपयांच्या योजनेस मंजुरी दिली. मुंबईच्या स्थानकाचे काम खासगी भागीदाराकडे सोपवावे आणि त्याने आपला खर्च व नफा तेथूनच वसूल करावा, हा आधीचा बेत मागे पडला, हे बरेच झाले. परंतु पैसा सरकारी आहे एवढ्याने काम लोकांचे होत नाही. या स्थानकाचा इतिहास पाहिला तर त्यात पैसा आरंभापासून लोकांचाच होता असे दिसून येईल. वाद होता आणि आहे तो लाभ कुणाचा, एवढाच.

१६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून ठाण्यास पहिली प्रवासी गाडी निघाली. चौदा डबे, सुमारे चारशे निमंत्रित आणि एकवीस तोफांची सलामी असा तो थाट होता. मुंबईत रेल्वे यावी म्हणून जगन्नाथ शंकरशेट, जमशेटजी जीजीभाई यांच्यासारख्या नागरिकांनी खटपट केली होती. पण मालकी लंडनमधील ग्रेट इंडियन पेनिन्शुला कंपनीची होती. १८४९ च्या करारान्वये तिच्या भांडवलावर पाच टक्के व्याजाची हमी देण्यात आली. जमीन सरकारने विनामूल्य द्यायची आणि कंपनीचे उत्पन्न कमी पडले तर तूट हिंदुस्थानच्या तिजोरीतून भरून काढायची, अशी ही व्यवस्था होती. ही तिजोरी भरत होता तो शेतसारा देणारा कुणबी आणि मिठावर कर देणारा मजूर, म्हणजे ज्याने आगगाडी पाहिलीही नव्हती असा माणूस! हमी मिळाल्यावर आपला पैसा हुगळीत गेला काय किंवा विटा-चुन्यात गेला काय, गुंतवणूकदारांना त्याचे सोयरसुतक नव्हते, अशा आशयाची साक्ष विल्यम मॅसी या माजी अर्थसदस्यानेच पुढे पार्लमेंटच्या समितीपुढे दिली. दादाभाई नौरोजी आणि गणेश व्यंकटेश जोशी यांनी रेल्वेच्या अर्थकारणावर टीका केली ती लोखंडी रुळांवर रोष म्हणून नव्हे. देशाची मिळकत बाहेर वाहून नेणारी ही व्यवस्था त्यांना खटकत होती.

रेल्वेने या देशाला काहीच दिले नाही, असे म्हणणे अर्थातच खरे होणार नाही. रेल्वे ही हिंदुस्थानातील आधुनिक उद्योगांची नांदी ठरेल, असे भाकीत मार्क्सने त्याच १८५३ साली केले होते, आणि मुंबईच्या गिरण्यांनी ते बऱ्याच अंशी खरे केले. पण नांदीची किंमत कुणी दिली? भोर घाटातील मार्ग १८५६ ते १८६३ या काळात बांधला गेला. ऐन भरात तेथे चाळीस हजारांवर मजूर राबत होते. पटकीने, तापाने आणि अपघातांनी त्यांतील हजारो दगावले. त्यांची नावे कोठेही कोरलेली नाहीत. घाटमार्ग खुले होताच खानदेश-वऱ्हाडचा कापूस बंदराकडे धावू लागला. पुढे मालवाहतुकीचे दरही असे आखले गेले की बंदराकडे जाणारा कच्चा माल आणि बंदरातून आत येणारा पक्का माल स्वस्तात जावा, देशांतर्गत व्यापाराला मात्र चढा दर पडावा.

या वैभवाचा कळस म्हणजे १८७८ ते १८८८ या दहा वर्षांत उभी राहिलेली आजची इमारत. फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स हा तिचा वास्तुरचनाकार. दगडातील पाने, पक्षी आणि प्राणी कोरण्यात जे. जे. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांचा मोठा वाटा होता. प्रवेशद्वारी ब्रिटनचा सिंह आणि हिंदुस्थानचा वाघ बसला. घुमटावर ‘प्रगती’ची मूर्ती उभी राहिली, एका हाती मशाल आणि दुसऱ्या हाताशी चक्र. २००४ साली युनेस्कोने ही वास्तू जागतिक वारसा म्हणून मान्य केली, आणि तो मान सर्वथा योग्य आहे. पण त्या प्रगतीच्या छायेतून ये-जा करणाऱ्या तिसऱ्या वर्गाच्या प्रवाशाची अवस्था कशी होती, हे गांधीजींनी १९१७ साली स्वतंत्र पुस्तिका लिहून सांगितले. रेल्वेला प्रवासी उत्पन्न मुख्यतः याच वर्गाकडून मिळे, आणि सोयींच्या बाबतीत हाच वर्ग सर्वांत शेवटी येई.

१९२५ हे वर्ष या स्थानकाच्या इतिहासात दोन कारणांनी महत्त्वाचे. ३ फेब्रुवारीस येथून कुर्ल्यास देशातील पहिली विजेची गाडी धावली आणि त्याच वर्षी कंपनीचा कारभार सरकारकडे आला. विजेच्या गाडीने मुंबईचा आकारच पालटला. कामाचे ठिकाण आणि राहण्याचे ठिकाण यांची फारकत शक्य झाली. पुढे १९८२ च्या संपानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडल्या, त्यांच्या जमिनींवर मनोरे उभे राहिले आणि श्रमिकांची पुढची पिढी डोंबिवली, कल्याण, बदलापूरकडे लोटली गेली. शहराने ज्यांना घर नाकारले, त्यांना लोकलने तेवढे शहराशी बांधून ठेवले. तथापि त्याची किंमत फार मोठी आहे. मुंबईच्या उपनगरी मार्गांवर दर वर्षी दोन हजारांहून अधिक माणसे मृत्युमुखी पडत आली आहेत. एखाद्या युद्धात इतकी माणसे मेली असती तर देश हळहळला असता.

रेल्वे लोकाभिमुख होऊ शकतच नाही, असे मानण्याचे मात्र कारण नाही. मे १९७४ च्या देशव्यापी संपात रेल्वे कामगारांनी दडपशाही सोसली. त्यानंतर तीन वर्षांनी रेल्वेमंत्री झालेल्या मधू दंडवते यांनी संपात बडतर्फ झालेल्यांना परत घेतले आणि दुसऱ्या वर्गाच्या लाकडी बाकांवर गादी आणली. गादी दोनच इंचांची होती. पण रेल्वेचा पैसा आधी कुणासाठी खर्च व्हावा, याचे उत्तर तीत होते.

आजच्या योजनेपुढेही तोच प्रश्न आहे. टर्मिनसभोवतीच्या जमिनीला आज जे मोल आहे, ते कुणा एका मालकाच्या उद्यमाने आलेले नाही. लक्षावधी माणसे रोज तेथून ये-जा करतात म्हणून ती जागा मोलाची. अर्थशास्त्रात ज्याला अनर्जित वाढ म्हणतात, त्याचे याहून स्पष्ट उदाहरण मिळणार नाही. ज्या समाजाने हे मोल निर्माण केले, त्याच्याच सोयीसाठी ते परत आले पाहिजे. उंची दुकाने आणि विश्रांतिकक्ष प्रशस्त झाले आणि उपनगरी फलाटावर पाऊल ठेवायला जागा उरली नाही, तर तो विकास नव्हे.

म्हणून काही गोष्टींचा आग्रह धरला पाहिजे. योजनेचा सर्व आराखडा, त्यातील व्यापारी क्षेत्र आणि त्याचे अपेक्षित उत्पन्न मराठीतून प्रसिद्ध व्हावे व त्यावर जाहीर सुनावणी व्हावी. जिने, पूल आणि बाहेर पडण्याच्या वाटा यांची रुंदी ऐन गर्दीच्या वेळचे प्रवासी मोजून ठरवावी. २९ सप्टेंबर २०१७ रोजी एल्फिन्स्टन रोडच्या अरुंद जिन्यावर चेंगराचेंगरीत २३ माणसे गेली. १४ मार्च २०१९ रोजी याच टर्मिनसला लागून असलेला पादचारी पूल कोसळून माणसे दगावली, आणि पूल रेल्वेचा की महापालिकेचा हा वाद मात्र त्याच रात्री सुरू झाला. तेव्हा अशा प्रत्येक पुलाची जबाबदारी एकाच यंत्रणेवर नावानिशी टाकावी. पिण्याचे पाणी, स्वच्छतागृहे आणि बसण्याची जागा विनामूल्य असावी, आणि स्थानकाच्या नावाखाली तिकिटावर नवा अधिभार लादू नये. शिवाय स्थानक कितीही सजवले तरी गाड्या वाढल्या नाहीत तर गर्दी हटणार नाही. ठाणे-दिवा दरम्यानच्या पाचव्या-सहाव्या मार्गिका २०२२ साली पूर्ण झाल्या, तेव्हाही कुर्ल्याहून टर्मिनसपर्यंतच्या मार्गिका मागेच राहिल्या होत्या. त्यांचा क्रम सजावटीच्या आधी लागतो.

२६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री याच स्थानकात अतिरेक्यांच्या गोळ्यांना ५८ जण बळी पडले. बहुतेक बाहेरगावच्या गाडीची वाट पाहणारी साधी माणसे होती. दुसऱ्या दिवशी कामावर जायला निघालेल्या मुंबईकरांनी स्थानक पुन्हा गजबजून टाकले. त्यांच्या धैर्याचे कौतुक सर्व सत्ताधाऱ्यांनी केले. पण त्यांना दुसरा मार्गच नव्हता, हे फारसे कुणी बोलले नाही.

१९९६ साली राणीचे नाव जाऊन या स्थानकास छत्रपती शिवाजींचे नाव आले, आणि २०१७ साली त्यात ‘महाराज’ हा शब्द जोडला गेला. ते उचितच झाले. आता रयतेच्या राजाच्या नावाला साजेसा कारभारही रयतेच्या वाट्याला यावा. त्याची परीक्षा उद्घाटनाच्या दिवशी होणार नाही. सकाळी नऊ वाजता कल्याणहून आलेल्या गाडीतून उतरणारी बाई किती मिनिटांत, किती सुखरूप रस्त्यावर पोहोचते, यावर ती होईल.