कलमाला कलम आहे

अंबड तालुक्यात माझ्या मामांची मोसंबीची रोपवाटिका आहे. दिवाळीत गेलो तेव्हा त्यांच्या नातवाला, म्हणजे बारावी सायन्सच्या पोराला, कॉलेजने निबंध दिला होता: ‘मानवी क्लोनिंगवर बंदी असावी का?’ क्लोनिंग म्हणजे काय ते त्याने आजोबांना समजावून सांगितलं. मामा हातातलं काम न थांबवता म्हणाले, “मग मी रोज काय करतो?” त्या एका वाक्यावर आमची दुपार गेली. त्यातले मुद्दे थोडे नीट लावून मांडतो.

१. मामांचं म्हणणं खरं आहे. रंगपूर लिंबाचा पेन्सिलीएवढा खुंट. जमिनीपासून वीतभर वर इंग्रजी टी अक्षरासारखा काप. चाकूच्या बोथट टोकाने साल दोन्ही बाजूंनी अलगद उचलायची, डोळकाडीवरून ढालीच्या आकाराचा डोळा काढून आत सरकवायचा, वरखाली प्लास्टिकची पट्टी आवळायची आणि डोळा तेवढा उघडा ठेवायचा. अंगठ्याचा दाब जास्त झाला की डोळा मेला. दोन-तीन आठवड्यांनी तो हिरवा दिसला तर लागला म्हणायचं. त्यातून वाढलेलं झाड म्हणजे मूळ झाडाची हुबेहूब प्रत. भौगोलिक मानांकन मिळालेली आपली जालन्याची मोसंबी अशा प्रतींचीच आहे. न्यूसेलर मोसंबीची तर मजाच आहे: तिच्या बियांत जो गर्भ रुजतो तो संकरातून नव्हे, आईच्याच पेशीतून आलेला असतो. म्हणजे बी पेरलं तरी आईच उगवते. एकसारखी जुळी भावंडं तर निसर्गानेच केलेल्या प्रती असतात. तेव्हा ‘हे निसर्गाविरुद्ध आहे’ हा क्लोनिंगविरोधातला लाडका युक्तिवाद निदान आपल्या जिल्ह्यात तरी करू नये. बंदीची खरी कारणं दुसरी आहेत.

२. आणि मामांकडेच एक वहीही आहे. कोणता खुंट कुठून आणला, कोणत्या झाडाची डोळकाडी काढली, कोणाला किती रोपं दिली. आजारी झाडाचा एक डोळा शंभर बागांत रोग पोचवतो, म्हणून फळरोपवाटिकेला परवाना लागतो. महाराष्ट्रात त्याचा कायदा १९६९ पासून आहे. कापसाचं तसंच. १९६४ साली बद्रीनारायण बारवाल्यांनी जालन्यात महिको काढली. त्याच कंपनीच्या बीटी कापसाला २००२ मध्ये केंद्राची परवानगी मिळाली, ती १९८६ च्या पर्यावरण कायद्याखालच्या १९८९ च्या नियमांनुसार. परवानगी नसलेलं जनुकबदल बियाणं पेरायला कायद्याने मनाई आहे. चोरून पेरलं जातं ते वेगळं, पण पकडायला कलम आहे.

माणसाच्या बाबतीत? भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या स्टेम सेल संशोधनासाठीच्या २०१७ च्या राष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांत मानवी क्लोन जन्माला घालणं हे निषिद्ध कामांच्या यादीत आहे. चांगलंच आहे. पण त्या सूचना आहेत. मानवी क्लोनिंगला नाव घेऊन बंदी घालणारा, शिक्षा सांगणारा स्वतंत्र कायदा आपल्याकडे नाही. ब्रिटनने तो २००१ मध्येच केला. झाडाच्या कलमाला कायद्याचं कलम आहे, माणसाच्या कलमाला नाही. माझी मुख्य तक्रार एवढीच.

३. एक फरक आधीच स्पष्ट करू, कारण वर्तमानपत्रांतही तो पुसला जातो. स्त्रीबीजातलं केंद्रक काढून त्यात दुसऱ्या कोणाच्या तरी साध्या पेशीचं केंद्रक घालायचं, इथपर्यंतची वाट एकच आहे. पुढे दोन फाटे फुटतात. तो भ्रूण गर्भाशयात ठेवून मूल जन्माला घालायचं, किंवा काही दिवस बशीत वाढवून त्यातून मूळपेशी, म्हणजे स्टेम सेल, काढायच्या आणि त्यांपासून रुग्णाला जुळणारी ऊती तयार करायची. दुसऱ्या वाटेने, २०१३ साली अमेरिकेत ओरेगनमध्ये, शुख्रात मितालिपोव यांच्या गटाने मानवी मूळपेशी मिळवल्या. आपल्या एमआयडीसीतल्या लोखंडाच्या भट्ट्यांवर भाजलेला कामगार ज्यांनी पाहिला आहे, त्यांना ‘रुग्णाच्याच पेशींची ऊती’ या शब्दांची किंमत वेगळी सांगायला नको. मधुमेहातल्या इन्सुलिन बनवणाऱ्या पेशी, डोळ्यांचा पडदा, पार्किन्सन, सगळीकडे याच दिशेने काम चालू आहे. ही वाट बंद करू नये असं माझं मत आहे. २००५ साली संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेत दोन्ही वाटा एकाच गाठोड्यात बांधणारा जाहीरनामा आला, तेव्हा भारताने विरोधात मत दिलं होतं. बरोबरच केलं. तिथे घेतलेली भूमिका घरी येऊन कायद्यात उतरवायची राहिली.

४. पहिल्या वाटेचा हिशेब मात्र भयंकर आहे. १९९६ साली जन्मलेल्या डॉली मेंढीसाठी २७७ प्रयत्न लागले. कर्नालच्या राष्ट्रीय दुग्ध संशोधन संस्थेत २००९ साली म्हशीचं पहिलं क्लोन पारडू जन्मलं आणि काही दिवसांत गेलं. त्यानंतरची गरिमा जगली. चीनने २०१८ साली दोन क्लोन माकडं जगाला दाखवली, त्यामागे साठच्या वर माद्यांच्या गर्भाशयांत भ्रूण ठेवले होते. पारडू मेलं तर गोठा हळहळतो. माणसाच्या बाबतीत त्या आकड्यांचा अर्थ काय होतो, ते सांगायची गरज नाही.

५. आता आपल्या जिल्ह्याचा मुद्दा, जो मला कुठल्याच चर्चेत ऐकू आला नाही. बापाच्या पेशीतून क्लोन केला तर होणारं मूल नेहमी मुलगाच असणार, कारण केंद्रकासोबत बापाची लिंगगुणसूत्रंही जशीच्या तशी येतात. सोनोग्राफीची, खुणेची, पेढा-जिलेबीच्या सांकेतिक भाषेची गरजच नाही. २०११ च्या जनगणनेत जालना जिल्ह्यात सहा वर्षांखालच्या हजार मुलग्यांमागे नऊशेसुद्धा मुली नव्हत्या. गर्भलिंग निदानाविरुद्ध देशात पहिला कायदा करणारं राज्य महाराष्ट्र, १९८८ साली. केंद्राचा कायदा आला १९९४ मध्ये. तरी ही गत. जिथे ‘वंशाचा दिवा’ अजून नवसाने मागितला जातो, तिथे हमखास मुलगा देणारं तंत्र आलं तर काय होईल? क्लोनिंगवरची बंदी हा इथे विज्ञानकथेचा नव्हे, मुलींचा प्रश्न आहे.

६. सातबाऱ्यावर काय लिहायचं? समजा, एका शेतकऱ्याने स्वतःचा क्लोन जन्माला घातला. डीएनए चाचणी सांगेल की हा त्याचा जुळा भाऊ, म्हणजे आजोबांचा मुलगा. मग तो बापाच्या हिश्शात वारस, की आजोबांच्या जमिनीत भावांबरोबरचा वाटेकरी? तलाठ्याने फेरफार कोणत्या नावाने घ्यायचा? जालन्यात बांधाच्या वीतभर जागेसाठी दोन पिढ्या कोर्टात जातात. मामा यावर मनापासून हसले, आणि मग गप्प झाले. त्यांच्या भावकीची एक केस अजून चालू आहे.

७. स्त्रीबीज कोण देणार? दक्षिण कोरियाच्या ह्वांग वू-सुक यांनी क्लोन केलेल्या मानवी भ्रूणातून मूळपेशी काढल्याचा दावा केला होता, तो २००६ पर्यंत खोटा ठरला. चौकशीत निघालं की दोन हजारांहून अधिक स्त्रीबीजं वापरली गेली होती, त्यांतली काही त्यांच्याच प्रयोगशाळेतल्या कनिष्ठ संशोधक मुलींची. क्लोन भ्रूणातून काढलेली मूळपेशी मात्र एकही नाही. आपल्याकडे ही मागणी आली तर पहिली कुठे पोचेल? घनसावंगी, मंठा, अंबड भागातून उचल घेऊन कोयत्यावर जाणाऱ्या बायकांपर्यंत. शेजारच्या बीडमध्ये ऊसतोड महिलांच्या गर्भपिशव्या काढल्याच्या प्रकरणात २०१९ साली सरकारला डॉ. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमावी लागली होती. २०२१ च्या कृत्रिम प्रजनन तंत्राच्या कायद्याने स्त्रीबीज देणाऱ्या बाईवर मर्यादा घातली आहे: आयुष्यात एकदाच, सातपेक्षा जास्त नाहीत. संशोधनासाठीही हीच मर्यादा निःसंदिग्ध शब्दांत हवी. सुदैवाने शिन्या यामानाका यांनी २००६ साली साध्या पेशीलाच मूळपेशी बनवायची रीत शोधली, २०१२ मध्ये त्यांना नोबेलही मिळालं. त्यात ना स्त्रीबीज लागतं ना भ्रूण. सरकारी पैसा आधी तिकडे जावा.

८. भ्रूणाला जीव म्हणायचं का? आपल्या सूचनांत प्रयोगशाळेत भ्रूण वाढवण्याची हद्द चौदा दिवसांची आहे. तोवर मज्जासंस्थेचा मागमूस नसतो. मला ती हद्द पटते. माझ्या एका जैन मित्राला पटत नाही. त्याच्या मते जीव पहिल्या क्षणीच येतो आणि सोय म्हणून त्याचा वापर ही हिंसाच. आमचं यावर एकमत झालेलं नाही, होणारही नाही. पण क्लोन मूल नको, यावर आम्ही दोघेही ठाम आहोत. कायदा तिथून सुरू करता येईल.

९. खरं सांगायचं तर जालन्यात क्लोन येणार नाही. त्याच्या नातलगांच्या, म्हणजे मूळपेशींच्या, नावाने येतो तो धंदा मात्र आधीच पोचला आहे. माझ्या चुलतबहिणीच्या मुलीला सातवा महिना असताना एका कंपनीचा माणूस चकचकीत पत्रकं घेऊन घरी आला. बाळाच्या नाळेतलं रक्त साठवा, पुढे थॅलेसेमिया, मधुमेह, काहीही झालं तरी ‘स्वतःच्याच पेशी’ कामी येतील. हप्त्यांची सोय होती. जावयाने विचारलं, “थॅलेसेमिया जन्मतःच असला तर तो त्या रक्तातही असेल ना?” त्यावर त्या माणसाने पत्रकाचं पुढचं पान उलटलं. त्याच राष्ट्रीय सूचना सांगतात की स्वतःसाठी म्हणून नाळेचं रक्त खासगीत साठवण्याला शास्त्रीय आधार नाही, आणि रक्ताच्या ठरावीक आजारांतलं मूळपेशींचं प्रत्यारोपण सोडलं तर ‘स्टेम सेल उपचार’ फक्त मान्यताप्राप्त चाचणीतच, तेही रुग्णाकडून पैसे न घेता. तरी गुडघ्यांपासून ऑटिझमपर्यंत सगळ्यावर सुई आहेच. घरी हप्ते भरायचे की नाही यावर दोन दिवस भांडण झालं. आज्जी म्हणाली, भरा, पोराच्या बाबतीत काटकसर नको. भरले.

१०. म्हणून मागण्या. संसदेने छोटा, स्वच्छ कायदा करावा: क्लोन भ्रूण गर्भाशयात ठेवणं हा दखलपात्र गुन्हा, संशोधनाला परवान्याची वेगळी खिडकी, आणि प्रत्येक स्त्रीबीजाची नोंद, मामांच्या वहीसारखी. जिल्हा पातळीवर तक्रार घेणारा अधिकारी नेमावा. गर्भलिंग निदानाच्या कायद्यात जी काही धार आहे ती जिल्ह्यापर्यंत पोचलेल्या यंत्रणेमुळेच आहे. आणि ‘येथे गर्भलिंग निदान केले जात नाही’ ही पाटी जिथे लावावी लागते, तिथे तिच्याखाली आणखी एक पाटी लागावी: कोणते स्टेम सेल उपचार मान्य आहेत, त्यांची मराठीत यादी. यादी छोटी असल्याने पाटीला खर्च फार येणार नाही.

मामांच्या नातवाने निबंधात यातलं बरंच घातलं. सातबाऱ्याच्या परिच्छेदाशेजारी बाईंनी लाल पेनने लिहिलं: विषयांतर.