रिकामा कंट्रोलर चार्जिंगला कोणी लावायचा?

मंडळाच्या गेल्या काही बैठकींत पुन्हा पुन्हा निघालेला एक विषय वरकरणी इतका क्षुल्लक आहे की, त्यावर लेख लिहावा की नाही असा संकोच आम्हालाही वाटला. महिन्यातून एका रविवारी आपण भाड्याच्या सभागृहात जमतो. त्रिसरण-पंचशील, वंदना, प्रवचन आणि सहभोजन झाले की मुले शेजारच्या खोलीत व्हिडिओ गेम खेळतात. एका कुटुंबाने दान दिलेला कन्सोल आणि चार वायरलेस कंट्रोलर एवढेच काय ते साहित्य. पण जवळजवळ प्रत्येक वेळी चारांपैकी दोन कंट्रोलर रिकामे असतात. मग मुलांची रडारड होते, पालकांची कुजबुज होते आणि शेवटी एखाद्या ज्येष्ठांचा निर्णयवजा उद्गार येतो: धम्माच्या कार्यक्रमात या खेळाचे काय काम? बंद करून टाका.

आमचे मत याच्या उलट आहे. खेळ राहावा, चार्जिंगला मात्र नियम असावा.

ज्येष्ठांचा आक्षेप निराधार नाही. दीघनिकायातील ब्रह्मजाल सुत्तात आठ आणि दहा घरांच्या पटांवरील खेळांपासून चेंडू, खेळण्यातले नांगर आणि खेळण्यातले रथ यांपर्यंत लांबलचक यादी आहे, आणि या खेळांपासून दूर राहावे असे तेथे सुचविले आहे. परंतु ते गृहत्याग केलेल्यांच्या शीलाचे वर्णन आहे. उपासकांच्या दहा वर्षांच्या मुलांसाठी घातलेली ती बंदी नव्हे. शिवाय इंग्लंडमध्ये जन्मलेल्या आपल्या मुलांना प्रवचनातील मराठी निम्मीच कळते. त्यांची एकमेकांशी ओळख होते, मैत्री जुळते, ती त्या शेजारच्या खोलीतच. ती खोली बंद केली तर मुले आपल्याबरोबर येतील, पण आपण हात धरून आणू शकतो तेवढीच वर्षे.

आता प्रत्यक्ष वस्तूकडे पाहू. गेल्या वेळी एका मुलाला आपण सर्वांसमक्ष बोललो, की तू कंट्रोलर चार्जिंगला लावलाच नाहीस. नंतर कळले की भोजनापूर्वी त्याने केबल लावली होती. फक्त कन्सोल पूर्ण बंद केला होता. तसे केल्यास यूएसबी पोर्टमधील वीज थांबते. कन्सोल विश्रांती अवस्थेत ठेवावा लागतो आणि त्या अवस्थेत पोर्टला वीज मिळावी अशी निवड सेटिंगमध्ये करावी लागते. हे त्या मुलाला कोणी सांगितले नव्हते, कारण ते आपल्यापैकी कोणालाच ठाऊक नव्हते. कारण शोधण्याआधी दोष देऊ नये, ही धम्माची पहिली शिकवण आपण त्या दिवशी विसरलो. त्या मुलाची आम्ही येथे क्षमा मागतो.

सगळे कंट्रोलर सारखे नसतात, हेही समजून घ्यायला हवे. प्लेस्टेशनच्या कंट्रोलरमध्ये लिथियम-आयन बॅटरी आतच बसवलेली असते. चौथ्या पिढीला मायक्रो-यूएसबी केबल लागते, पाचव्या पिढीला यूएसबी-सी. एक्सबॉक्सच्या कंट्रोलरमध्ये आजही दोन एए सेल चालतात. रिचार्जेबल पॅक वेगळा घ्यावा लागतो. निन्टेन्डो स्विचचे छोटे जॉय-कॉन कन्सोलच्या कडेला जोडले की चार्ज होतात. एकाच्या घरची सवय दुसऱ्याच्या घरी चालत नाही आणि मुलांचे निम्मे गोंधळ यातूनच होतात.

लिथियम बॅटरीच्या बाबतीत आणखी एक जुना समज सोडून द्यायला हवा. पूर्ण रिकामी झाल्याशिवाय चार्ज करू नये, हा सल्ला निकेल-कॅडमियम सेलच्या काळातला आहे. लिथियमला तो उलट बाधतो. पूर्ण रिकामी करून महिनाभर कपाटात ठेवलेली बॅटरी लवकर निकामी होते, आणि उष्ण जागी पूर्ण भरून ठेवलेलीही लवकर म्हातारी होते. साधारण अर्धी भरलेली, थंड जागी ठेवलेली बॅटरी सर्वांत जास्त टिकते. म्हणजे आपला आजवरचा शिरस्ता, खेळ संपला की रिकामे कंट्रोलर पिशवीत कोंबून महिनाभर विसरणे, हाच बॅटऱ्या मारणारा आहे.

परंतु आम्हाला लिहावेसे वाटले ते यासाठी नाही. गेले काही महिने ज्या रविवारी चारही कंट्रोलर चालू होते, त्या रविवारी ते कोणी चार्ज केले होते, हे आम्ही विचारून पाहिले. उत्तर एकच आले. आईबरोबर खुर्च्या मांडायला लवकर येणाऱ्या दोन मुलींनी. त्यांना कोणी सांगितले नव्हते. त्या स्वतः क्वचितच खेळतात, कारण त्यांची पाळी येईपर्यंत कंट्रोलर पुन्हा रिकामे झालेले असतात.

येथे आपण थांबून विचार करावा. आपण वापरायचे आणि मागचे दुसऱ्याने आवरायचे; आणि तो दुसरा कोण, हे न बोलताच ठरलेले असायचे. या वृत्तीशी आपली ओळख जुनी आहे. आपल्या पूर्वजांच्या वाट्याला गावाची घाण आणि मेलेली गुरे आली ती याच न बोलता ठरलेल्या व्यवस्थेने. बाबासाहेबांनी जातीला श्रमाची नव्हे, तर श्रमिकांची विभागणी म्हटले. ती विभागणी आपण सातासमुद्रापार येऊन एका खोलीत, चार कंट्रोलरभोवती, मुलगा आणि मुलगी अशी पुन्हा मांडत असू, तर प्रश्न बॅटरीचा उरत नाही.

भिक्खुसंघाने या प्रश्नाचा विचार फार पूर्वी केला होता. पातिमोक्खातील चौदावा पाचित्तिय नियम संघाच्या मालकीच्या पलंग, बाक, गादी यांविषयी आहे. उघड्यावर मांडलेली वस्तू जागेवर न ठेवता, कोणाला ठेवायला न सांगता, निरोपही न देता भिक्खू निघून गेला, तर तो दोष ठरतो. नियम ज्याने वस्तू बाहेर काढली त्याला बांधतो. जो जवळपास असेल त्याला नव्हे. सार्वजनिक वस्तूची निगा हा वापराचाच भाग आहे, एवढे साधे ते तत्त्व आहे.

हेच तत्त्व वस्तूच्या अखेरीलाही लागू होते. निकामी बॅटरी घरच्या कचऱ्यात टाकली की ती आपल्या नजरेआड होते, पण कोणाच्या तरी हातात जाते. कचऱ्याच्या गाडीत दाबली जाताना लिथियम बॅटरी फुटून पेट घेऊ शकते, आणि अशा आगी ब्रिटनमध्ये वारंवार लागतात. त्या गाडीवर काम करणारा माणूस कोणत्याही वर्णाचा असो, आपल्या आजोबांचा तो सहकारी आहे. वर्षाला ३२ किलोहून अधिक बॅटऱ्या विकणाऱ्या दुकानाला येथे जुन्या बॅटऱ्या विनामूल्य परत घ्याव्याच लागतात. म्हणजे बहुतेक मोठ्या दुकानांत ही सोय आहे. आणि बॅटरीच्या सुरुवातीलाही माणूसच आहे. अशा बॅटऱ्यांत बहुधा कोबाल्ट असतो, जगातील निम्म्याहून अधिक कोबाल्ट काँगोच्या खाणींतून येतो, आणि तेथे लहान मुलेही राबतात हे ॲम्नेस्टी इंटरनॅशनलने २०१६ मध्ये जगापुढे मांडले. उदेन राजाने आनंदाला विचारले होते, एवढ्या चीवरांचे तुम्ही करता काय? जुन्या चीवरांची आच्छादने, त्यांची पुढे पायपुसणी, आणि शेवटी चिंध्या मातीत मळून गिलावा, असे उत्तर त्याला मिळाले. बॅटरी मातीत मळून लिंपता येत नाही. पण ती दोन वर्षे अधिक टिकवता येते.

म्हणून आमची सूचना अशी. कंट्रोलरची पिशवी दर महिन्याला एका कुटुंबाने घरी न्यावी, आळीपाळीने. त्या घरच्या मुलाने किंवा मुलीने ते अर्धे भरून ठेवावेत आणि शनिवारी संध्याकाळी पूर्ण चार्ज करावेत. पहिल्या सहा पाळ्या ज्या घरांत मुलगे आहेत त्या घरांना द्याव्यात. ज्यांच्या घरी एए सेलचे कंट्रोलर आहेत, त्यांनी रिचार्जेबल सेलच्या दोन जोड्या घ्याव्यात. सभागृहात जुन्या सेलसाठी एक डबा ठेवावा. लिथियम बॅटरीच्या टोकांवर चिकटपट्टी लावूनच ती त्यात टाकावी.

आणि येत्या रविवारी पहिला डाव त्या दोन मुलींचा असावा, भरलेल्या कंट्रोलरवर.

नमो बुद्धाय. जयभीम.